कँडलला मराठी कपडे घालून मला १३,५०० ला विकलं

मी अमळनेरचा, नाव नको, आधीच घरात खूप ऐकून झालंय. माझ्याकडे ३०१८ राउटर आहे, म्हणजे कॉम्प्युटरवर चालणारं लाकूड कोरायचं छोटं मशीन, ३०० बाय १८० मिमीचं, नोकरी सांभाळून सागवानी नेमप्लेटा कोरतो. हाताखालच्या पोराला इंग्रजी बटणं कळत नाहीत म्हणून मशीन चालवायच्या सॉफ्टवेअरची मराठी स्क्रीन हवी होती, बाकी काही नाही. ओळखीतून एकाचा नंबर मिळाला. राहतो पुण्याला, पण पहिलंच वाक्य अहिराणीत, "भाऊ, आपलाच माणूस शे." संपलं, तिथेच मी विरघळलो.

७,५०० ॲडव्हान्स. मग "लायसन की" चे ४,२००. मग टचस्क्रीनसाठी बटणं मोठी करायचे १,८००. म्हणे सगळं झिरोपासून लिहिलंय.

आणि डेमोतच कळायला हवं होतं हो! त्याने जी-कोडची, म्हणजे मशीनला कुठे कसं कोरायचं ते सांगणारी, फाईल उघडली तशी वरच्या पट्टीवर फाईलच्या नावाला लागून "कँडल" असं आलं, मी विचारलंसुद्धा हे काय, तर म्हणाला "थीमचं नाव आहे भाऊ", आणि मी हो म्हटलं. कँडल म्हणजे ग्रबलसाठीचं (ग्रबल हा मशीनच्या बोर्डातला प्रोग्राम) फुकटचं ओपन सोर्स सॉफ्टवेअर, हे मी तेव्हा ऐकलेलं नव्हतं, तुम्ही हसाल, पण मी लाकडातला माणूस आहे, कोडातला नाही. त्याने शब्द बदलले, रंग बदलला, एक मोठं लाल "थांबव" बटण चिकटवलं. त्या बटणामागे काहीच जोडलेलं नव्हतं, हे बिट, म्हणजे कोरायचं पातं, लाकूड धरणाऱ्या क्लॅम्पला धडकून तुटल्यावर कळलं. पोराचा हात जवळच होता. इमर्जन्सी स्टॉप स्क्रीनवर ठेवूच नका रे, सप्लाय तोडणारा खरा स्विच लावा.

ठाण्यात गेलो तर साहेब म्हणतात सॉफ्टवेअर मिळालं ना, चालतंय ना, मग फसवणूक कसली, दिवाणी मॅटर आहे. दुसऱ्या दिवशी जिल्ह्याला जा, तिथे गेलो तर आधी तुमच्याच ठाण्यात अर्ज द्या. राउटर म्हणजे वायफायचा का, असं तीन वेळा विचारलं! बँकेत म्हणे पैसे तुम्ही स्वतः पाठवले. दोन रजा गेल्या, हातात एक पोच.

१९३० ला, सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला, त्याच दिवशी फोन लावा, मी लाजेपायी एकोणीस दिवस घालवले. यूपीआयवर वेगळंच नाव दिसलं तर तिथेच थांबा, मला दिसलं होतं, "वहिनीचं खातं" म्हणाला. आणि सोर्स कोड मागा. कँडल जीपीएल नावाच्या ओपन सोर्स परवान्याखाली आहे, असं सॉफ्टवेअर विकता येतं, पण गिऱ्हाईकाने मागितला तर कोड द्यावा लागतो. मी मागितला त्या संध्याकाळपासून आपल्या माणसाचा फोन बंद आहे.