ग्योडेलची वाट की ट्युरिंगची?

तर्काच्या मर्यादा समजून घ्यायला दोन वाटा आहेत: गणितज्ञ कुर्ट ग्योडेलची १९३१ची आणि गणितज्ञ ॲलन ट्युरिंगची १९३६ची.

ग्योडेलने प्रत्येक विधानाला एक संख्या दिली आणि अंकगणिताला स्वतःबद्दल बोलायला लावलं. त्यातून ‘मी सिद्ध होऊ शकत नाही’ असं म्हणणारं विधान उभं राहतं. अंकगणिताचे नियम सुसंगत, म्हणजे एकमेकांविरुद्ध न जाणारे असतील, तर ते खरं असूनही त्या नियमांत सिद्ध होत नाही. विलक्षण सुंदर, पण ती संख्यांची मांडणी पचायला वेळ लागतो.

ट्युरिंगची वाट (आज शिकवतात त्या रूपात) थेट हाताला लागते. समजा, कुठलाही प्रोग्राम थांबेल की चालतच राहील हे अचूक सांगणारा एक परीक्षक आहे. आता ‘उलटा’ नावाचा प्रोग्राम लिहा. त्याला एखाद्या प्रोग्रामचा कोड दिला की तो परीक्षकाला विचारतो: हा प्रोग्राम स्वतःच्याच कोडवर चालवला तर थांबेल का? परीक्षक ‘थांबेल’ म्हणाला की याने अनंत लूपमध्ये जायचं. ‘थांबणार नाही’ म्हणाला की लगेच थांबायचं. मग उलट्याला त्याचाच कोड द्या. परीक्षक काहीही म्हणो, तो खोटाच ठरतो! म्हणजे असा परीक्षक असूच शकत नाही.

नवख्याला मी आधी ट्युरिंगच सांगेन. तिथून ग्योडेलकडे जाताही येतं: प्रत्येक खरं विधान सिद्ध होत असतं, तर एकेक सिद्धता तपासत थांबण्याचा प्रश्न सुटला असता. पण ग्योडेलच्या दुसऱ्या प्रमेयासाठी मी त्याच्याच वाटेने जाईन: पुरेसं अंकगणित असलेली सुसंगत व्यवस्था स्वतःची सुसंगतता स्वतः सिद्ध करू शकत नाही.