‘द परफेक्ट नेबर’: फिल्म चोख, पण त्या पोरांना विचारलं कुणी?

नेटफ्लिक्सवर हल्ली खुनांच्या डॉक्युमेंटरींचा नुसता रतीब लागलाय. बहुतेक मी अर्ध्यात बंद करते. गीता गंडभीर यांची ‘द परफेक्ट नेबर’ (२०२५) मात्र एका बैठकीत संपवली, आणि तरी पाच तारे देताना हात अडतोय.

घटना फ्लोरिडातल्या ओकालाची. घराशेजारच्या मोकळ्या जागेत पोरं खेळतात, ओरडतात, म्हणून सुझन लोरिंझ ही गोरी बाई ऊठसूट पोलिसांना फोन करते. सोसायटीची सेक्रेटरी म्हणून सांगते, असा एक नग प्रत्येक बिल्डिंगमध्ये असतो. आमच्याकडच्याच्या कपाटात पिस्तूल नाही एवढंच. २ जून २०२३ ला शेजारची अजिके ओवेन्स, चार मुलांची कृष्णवर्णीय आई, जाब विचारायला गेली. लोरिंझने बंद दाराआडून गोळी झाडली. पुढे तिला २५ वर्षांची शिक्षा झाली.

जवळजवळ सगळी फिल्म पोलिसांच्या अंगावरच्या कॅमेऱ्यातली. इथे ते पटतं. पोलीस येतात, गोड बोलतात, निघून जातात, परत येतात. अटक होतेय म्हटल्यावर लोरिंझ चौकशीच्या खोलीतल्या खुर्चीतून उठायलाच तयार नाही, आणि अधिकारी तिची मनधरणी करतायत! त्या जागी कुणी काळी बाई असती तर? फिल्म हे विचारत नाही, आपल्याच डोक्यात येतं.

अडतं ते एका प्रसंगाशी. आई गेली, हे वडील मुलांना सांगतात आणि तिथल्या पोलिसाच्या छातीवरचा कॅमेरा चालूच असतो. त्या पोरांचा टाहो मला ऐकवेना, मी आवाज बंद केला. अजिकेची आई पामेला डायस यांनी परवानगी दिली होती, जगाने बघावं ही त्यांची इच्छा होती. शिवाय अजिके दिग्दर्शिकेच्या कुटुंबाच्या ओळखीतली, म्हणजे कुणाच्या दुःखावर दुकान मांडलंय असंही नाही. सगळं मान्य. पण ती आजीची परवानगी झाली. पोरांचं काय? उद्या ती कॉलेजात जातील आणि वर्गातल्या कुणाच्याही मोबाइलवर त्यांच्या आयुष्यातला सगळ्यात वाईट क्षण असेल.

आमच्याकडे सीसीटीव्हीची क्लिप मागायला कुणी आलं की मी आधी विचारते, त्यात अजून कोण कोण दिसतंय? ज्याची गाडी ठोकली तो मागतो, पण फुटेजमध्ये तिसऱ्या मजल्यावरची मुलगीही असते. यावरून माझी नेहमी भांडणं होतात. होऊ देत.

‘अमेरिकन मर्डर: द फॅमिली नेक्स्ट डोअर’मध्ये (२०२०) तर मारल्या गेलेल्या बाईचे स्वतःचे फेसबुक व्हिडिओ आणि खासगी मेसेज होते. तिला कोण विचारणार? तिथे मेसेज वाचताना मला चोरट्यासारखं झालं होतं. इथे तसं होत नाही, कारण कॅमेरा सरकारी आहे आणि उघडी पडते ती सरकारी यंत्रणा. तो एक प्रसंग काळ्या पडद्यावर, दोन ओळी लिहून भागला असता. फिल्मचं काहीही बिघडलं नसतं.

चार तारे. बघाच, पण सबटायटल लावून. बॉडीकॅमचा आवाज बऱ्याच ठिकाणी फाटतो. आणि घरातली लहान मुलं झोपल्यावर.