शाळा न्यायाधिकरण: दाद मागायला गेलेल्या शिक्षिकेचा अनुभव

खाजगी शाळेने कामावरून काढलेल्या शिक्षकाला दाद मागता यावी म्हणून महाराष्ट्रात 1977 च्या खाजगी शाळा कर्मचारी अधिनियमाने शाळा न्यायाधिकरण दिले आहे, आणि शाळा अनुदानित असो वा विनाअनुदानित, तिथे अपील करता येते. आम्ही शिक्षक त्याला ट्रिब्युनलच म्हणतो. तीन वर्षे सात महिने तिथे तारखा केल्यानंतर माझे मत असे की कायदा शिक्षकाच्या बाजूने पुरेसा भक्कम आहे, पण वेळेच्या बाबतीत ही सोय फार तोकडी पडते.

मला बडतर्फीचा आदेश मिळालाच नव्हता. उन्हाळी सुट्टीनंतर शाळेत गेले तर मस्टरवर माझ्या नावापुढे लाल शाईची आडवी रेघ होती आणि संस्थेने तुमचा राजीनामा मंजूर केला आहे, असे मुख्याध्यापकांनी सांगितले. रुजू होताना कोऱ्या कागदावर सही का घेतली होती, ते त्या दिवशी उमगले. संस्थेने न्यायाधिकरणात दाखल केलेल्या त्या पत्रात वरचा मजकूर ऐसपैस टाइप केलेला आणि शेवटच्या तीन ओळी माझ्या सहीच्या वर बसाव्यात म्हणून दाटीवाटीने कोंबलेल्या दिसत होत्या. अधिनियमाच्या कलम 7 प्रमाणे राजीनामा दोन प्रतींत लिहून, दोन्हींवर सही आणि तारीख घालून, एक प्रत रजिस्टर पोस्टाने पाठवायची असते. संस्थेकडे ना पाकीट होते ना पोस्टाची पावती, आणि पत्रावरची तारीख टाइप केलेली होती. माझे अपील खऱ्या अर्थाने तिथेच जिंकले गेले.

कलम 9 प्रमाणे अपिलाची मुदत 30 दिवसांची आहे. मी बाविसाव्या दिवशी अपील दाखल केले. माझ्या एका सहकाऱ्याने मात्र शिक्षणाधिकाऱ्यांकडे अर्जांवर अर्ज करण्यात सहा महिने घालवले आणि मग विलंब माफीच्या अर्जावरच त्यांचे वर्ष गेले. तीन महिन्यांत निकाल देण्याचा प्रयत्न करावा आणि न जमल्यास कारणे नोंदवावीत, असे कलम 10 सांगते. प्रत्यक्षात संस्थेचे लेखी म्हणणे यायलाच पाच तारखा गेल्या, आणि प्रत्येक तारखेची माझी रजा, पगार नसल्यामुळे, शिकवण्यांमधून कापली गेली.

त्या शिकवण्यांचा उल्लेख वकिलांनी अपिलातच मोकळेपणाने करायला लावला. सेवासमाप्ती बेकायदा ठरली तर पूर्ण थकीत वेतन हा सर्वसाधारण नियम आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने 2013 साली स्पष्ट केले आहे. मात्र आपण अन्यत्र लाभाच्या नोकरीत नव्हतो किंवा कमी पगारावर होतो, हे कर्मचाऱ्याने आधी मांडावे लागते. हे एक वाक्य राहून गेल्याने थकबाकी गमावलेले शिक्षक मला त्याच बाकावर भेटले.

निकालाने मला पुनर्नियुक्ती आणि थकीत वेतन दोन्ही दिले. संस्था लगेच रिट याचिका घेऊन उच्च न्यायालयात गेली. पुनर्नियुक्तीला स्थगिती मिळाली नाही, त्यामुळे जूनपासून मी पुन्हा वर्गावर आहे. थकबाकीची रक्कम मात्र संस्थेने न्यायालयात भरली असून ती तिथेच पडून आहे.