यांकी स्टेडियमचा आवाज: बॉब शेपर्ड यांची उद्घोषणा

न्यू यॉर्कच्या ब्राँक्स भागातील जुन्या यांकी स्टेडियममध्ये मी २००४ च्या उन्हाळ्यात पहिल्यांदा बेसबॉलचा सामना पाहिला, तेव्हा खेळाचे नियम मला जेमतेम ठाऊक होते. तरीही फलंदाजीला कोण येत आहे, हे अगदी वरच्या सज्जातही प्रत्येक वेळी स्वच्छ ऐकू येत होते. तो आवाज बॉब शेपर्ड यांचा होता. १७ एप्रिल १९५१ रोजी, म्हणजे या मैदानाच्या यजमान यांकीज संघाचे विख्यात खेळाडू मिकी मँटल यांच्या पहिल्याच सामन्यात, त्यांनी तेथे उद्घोषणा सुरू केली आणि सप्टेंबर २००७ पर्यंत ती केली. प्रेक्षकांना मिळणारी सेवा म्हणून तिचे मूल्यमापन केले, तर तिच्या तोडीचे मी अन्यत्र काही ऐकलेले नाही.

खेळाडूचे मैदानावरील स्थान, त्याचा क्रमांक, नाव आणि पुन्हा क्रमांक, एवढेच ते सांगत. उघड्या मैदानात ध्वनिक्षेपकाचा आवाज समोरच्या सज्जावर आदळून परततो. शेपर्ड शब्दाशब्दांत पुरेसे अंतर सोडत असल्यामुळे तो प्रतिध्वनी पुढच्या शब्दावर चढत नसे. आपल्या संघाच्या खेळाडूसाठी त्यांचा स्वर चढत नसे आणि पाहुण्यासाठी तो उतरतही नसे. प्रेक्षकांना चेतवणारी उद्घोषणा ज्यांना आवडते, त्यांना ही पद्धत कोरडी वाटू शकेल. मला मात्र तिच्यात खेळाविषयीचा आदर जाणवला. ते मूळचे वक्तृत्वाचे शिक्षक होते आणि सेंट जॉन्स विद्यापीठातही त्यांनी अध्यापन केले. उद्घोषणा स्पष्ट, मोजकी आणि अचूक असावी, हा त्यांचा दंडक होता.

यातील अचूकतेचे मोल मला सर्वाधिक वाटते. एखाद्या नव्या खेळाडूच्या नावाविषयी शंका असल्यास ते सामन्याआधी त्याच्याकडूनच उच्चार जाणून घेत, आणि शिगेतोशी हासेगावा हे जपानी नाव तर त्यांच्या विशेष आवडीचे होते. परदेशात आपल्या आडनावांची कशी मोडतोड होते, हे येथील प्रत्येक मराठी कुटुंबाने अनुभवले आहे. माझ्या मुलीच्या पदवीदान समारंभात तिचे नाव इतके चुकीचे पुकारले गेले, की ती क्षणभर जागची उठलीच नाही. त्या दिवशी मला शेपर्ड यांची प्रकर्षाने आठवण झाली.

जुने स्टेडियम २००८ च्या हंगामानंतर बंद झाले आणि जुलै २०१० मध्ये, वयाच्या ९९ व्या वर्षी, शेपर्ड यांचे निधन झाले. मात्र यांकीजचे शॉर्टस्टॉप, म्हणजे दुसऱ्या आणि तिसऱ्या बेसच्या मधल्या जागी क्षेत्ररक्षण करणारे खेळाडू, डेरेक जीटर यांनी आपल्या नावाची उद्घोषणा त्यांच्याच आवाजात ध्वनिमुद्रित करून घेतली होती आणि २०१४ मध्ये निवृत्त होईपर्यंत घरच्या मैदानावर ते त्याच उद्घोषणेवर फलंदाजीस उतरत. २०१२ मध्ये नव्या स्टेडियममध्ये मी ती ऐकली. शॉर्टस्टॉप, क्रमांक दोन, डेरेक जीटर, क्रमांक दोन: त्याच संथ लयीत, प्रत्येक अक्षर सुटे.