सिनेमाच्या कार्डासाठी पैसे मागणाऱ्यापासून सावध

धुळे, अमळनेर, शिरपूर भागात सध्या ‘शूटिंगला ज्युनिअर आर्टिस्ट पाहिजेत’ (म्हणजे सीनमधल्या गर्दीत दिसणारे छोटे कलाकार) असे मेसेज फिरताहेत. माझा भाचा आणि त्याचे तालमीतले मित्र यातच फसले, म्हणून सविस्तर लिहितोय.

मेसेज टाकणारा माणूस गोड बोलायचा, ‘काय भो’ करत, अहिराणीत. आधी त्याने पोरांना खरंच एका अहिराणी गाण्याच्या शूटिंगला नेलं. नाश्ता, जेवण, संध्याकाळी हातात पाचशे रुपये. विश्वास बसला तो तिथेच. मग म्हणाला, मुंबईचं काम हवं तर असोसिएशनचं, म्हणजे कलाकारांच्या संघटनेचं, सभासद कार्ड लागतं. आधी फॉर्मचे पैसे, मग मेडिकलचे, मग ‘फायटर’मध्ये, म्हणजे स्टंट करणाऱ्यांत, नाव घालायचे वेगळे. दर वेळी यूपीआयवर नाव निराळं. काही घरांतून कापूस विकून आलेला पैसा गेला. कार्ड आलंच नाही.

ज्युनिअर आर्टिस्टांच्या आणि स्टंट कलाकारांच्या संघटना मुंबईत आहेत. सभासद व्हायचं तर त्यांच्या ऑफिसात स्वतः जाऊन चौकशी करा, पैसे भरले तर तिथली पावती घ्या. कुणाच्या खाजगी खात्यावर एक रुपयाही टाकू नका.

पुढे त्याने पोरांना लळिंग किल्ल्याकडे फायटिंगच्या सीनला नेलं. तटावरून उडी होती. खाली गाद्या नाहीत, पुठ्ठ्याचे खोके नाहीत, फाइट मास्टर तर नाहीच. भाच्याचा घोटा मोडला. त्याला सिव्हिलला आम्ही नेलं. त्या माणसाचा फोन बंद. जुलै 2025 मध्ये तामिळनाडूत गाडी उलटवण्याचा स्टंट करताना एस. एम. राजू गेले, आणि ते तर मुरलेले स्टंटमन होते. कधी स्टंट न केलेल्या पोराला गादीशिवाय उडी मारायला लावणाऱ्याला मी माफ करू शकत नाही.

सगळ्यात चीड आली ती व्हाउचरची, म्हणजे पैसे मिळाल्याच्या पावतीची. सकाळी, कपडे बदलायच्या आधीच, ‘वेळ नाही, पटापट करा’ म्हणत त्याने कोऱ्या व्हाउचरवर सह्या घेतल्या होत्या. आकडा नंतर त्यानेच भरला आणि निर्मात्याकडून सगळ्यांचे पैसे उचलले. आम्ही निर्मात्याच्या माणसाला गाठलं, तर त्याने कागद पुढे केला: प्रत्येकी दीड हजार मिळाले, खाली आमच्याच पोरांच्या सह्या. काय बोलणार? म्हणून आकडा लिहिलेला नसेल तर सही करू नका, आणि व्हाउचरचा फोटो काढून ठेवा. सिने कामगारांशी लेखी करार करणं 1981 च्या कायद्यापासून बंधनकारक आहे, तोही मागा.

ऑनलाइन पैसे गेले असतील तर लगेच सायबर फसवणुकीच्या 1930 या हेल्पलाइनवर फोन करा, जितका उशीर तितके ते परत मिळणं अवघड. आम्ही पोलिसांत तक्रार दिली आहे. आणखी कुणी फसलं असेल तर चॅट, व्हॉइस मेसेज, पेमेंटचे स्क्रीनशॉट पुसू नका. आपापल्या ठाण्यात तक्रार द्या. आणि आईवडिलांनो, पोरांना बोल लावू नका, त्यांच्यासोबत ठाण्यात जा.