‘पिलग्रिम’ : यंत्राच्या ठेक्यावर गायलेला शोक

आमच्या रामबागेतल्या घरी रोजच्या रियाजाला इलेक्ट्रॉनिक तानपुरा लागतो आणि तबलजी नसतील तेव्हा तालपेटीही, त्यामुळे ब्रिटिश गायक-गिटारवादक एरिक क्लॅप्टन यांच्या १९९८ सालच्या ‘पिलग्रिम’ या अल्बमवर यंत्राच्या ड्रमवरून घेतला जाणारा आक्षेप मला पुरता पटत नाही. ‘फ्रॉम द क्रेडल’मध्ये (१९९४) वादकांना एकत्र बसवून जुने ब्लूज, म्हणजे अमेरिकी कृष्णवर्णीयांचे दुःखगीतांचे संगीत, वाजवणाऱ्या या गिटारवादकाने सहनिर्माते सायमन क्लायमी यांच्यासह संगणकावर ठेके बांधावेत, हे ब्लूजच्या चाहत्यांना खटकणे स्वाभाविक होते. परंतु ठेका जराही हलत नाही, तेव्हा गाणाऱ्याने किंचित उशिरा लावलेला स्वर अधिक स्पष्ट कळतो. सात मिनिटांहून मोठे ‘रिव्हर ऑफ टीअर्स’ ऐकताना मला आमच्या इंदूरच्या उस्ताद अमीर खाँसाहेबांचा झूमरा तालातला विलंबित ख्याल आठवतो; शेवटी गिटार मोकळी सुटते, तोवर ऐकणारा त्या संथपणात पूर्ण रुजलेला असतो.

क्लॅप्टन यांचा चार वर्षांचा मुलगा कॉनर मार्च १९९१मध्ये न्यूयॉर्कमधील इमारतीच्या ५३व्या मजल्यावरून पडून मरण पावला. त्याच्याबरोबर घालवलेल्या अखेरच्या संध्याकाळची आठवण म्हणजे ‘सर्कस’. ‘माय फादर्स आइज’मध्ये, ज्यांना क्लॅप्टन कधीच भेटले नाहीत ते वडील आणि हा मुलगा एकाच नजरेत येतात, मला हे या अल्बममधील सर्वांत खोल गाणे वाटते.

ही दोन्ही गाणी जानेवारी १९९२च्या ‘अनप्लग्ड’ या अकूस्टिक मैफलीत वाजवली गेली होती, पण तेव्हाच्या अल्बममध्ये आली नाहीत. २०१३च्या विस्तारित आवृत्तीत ती मिळतात आणि ती ऐकल्यावाचून ‘पिलग्रिम’चे ऐकणे अपुरे राहते. ‘सर्कस’ तर मला तिथेच अधिक भावते, कारण इतक्या नाजूक शब्दांना नुसत्या अकूस्टिक वाद्यांची साथ पुरते आणि स्टुडिओतला गुळगुळीतपणा त्यांना थोडा झाकतो. ‘पिलग्रिम’च्या जपानी आवृत्तीत ‘थीम फ्रॉम अ मूव्ही दॅट नेव्हर हॅपन्ड’ ही वाद्यवृंदाची शब्दविरहित रचना जास्तीची आहे. ती संग्राहकांनी जरूर मिळवावी.

चौदा गाणी मात्र जास्त होतात. ‘सिक अँड टायर्ड’ या सगळ्या भावविश्वात बसत नाही आणि उत्तरार्धातील दोन-तीन प्रेमगीते एकमेकांत मिसळून जातात. प्रथमच ऐकणाऱ्यांनी आधी १९९२चे ‘सर्कस’ ऐकावे, मग ‘माय फादर्स आइज’ आणि ‘रिव्हर ऑफ टीअर्स’. शक्यतो रात्री, रस्ता शांत झाल्यावर, हेडफोन लावून.