हाइड पार्क : रूझवेल्टांची दोन्ही घरं बघा, एकावर थांबू नका

भारतातून आलेल्या पाहुण्यांना कुठे न्यायचं असं कुणी विचारलं, की मी आता न्यूयॉर्क राज्यातल्या हाइड पार्कचं नाव घेते. न्यू जर्सीतल्या एडिसनहून गाडीने दोनेक तास. अमेरिकेचे माजी अध्यक्ष फ्रँकलिन रूझवेल्ट यांचं स्प्रिंगवुड हे घर नॅशनल पार्क सर्व्हिस या सरकारी खात्याच्या टूरमध्ये आतून बघता येतं.

खाली पुस्तकं, जहाजांची चित्रं भरपूर आहेत. पण वेळ राखून ठेवा तो वरच्या मजल्यासाठी. एका बाजूला फ्रँकलिनची खोली, दुसऱ्या बाजूला त्यांच्या आई सारा यांची, आणि मध्ये अंग चोरून बसलेली बायकोची, एलेनॉरची. लहान, साधीसुधी. माझी आई दारातूनच म्हणाली, "अगं, ही तर पाहुण्याला देतात तसली खोली!" मला पुढचं सगळं तिथेच कळलं. हे घर सासूचं होतं, सुनेचं कधी झालंच नाही.

1918 मध्ये फ्रँकलिन युरोपहून आजारी होऊन परतले. त्यांचं सामान लावताना एलेनॉरला लुसी मर्सरची प्रेमपत्रं सापडली. लुसी म्हणजे एलेनॉरचीच सेक्रेटरी! घटस्फोटापर्यंत गोष्ट गेली, पण संसार मोडला नाही. पाच मुलं, निवडणुका, व्हाइट हाउस, सगळीकडे जोडीनेच. आणि 1945 मध्ये जॉर्जिया राज्यातल्या वॉर्म स्प्रिंग्जला फ्रँकलिन कोसळले आणि गेले, तेव्हा लुसी तिथेच होती. या भेटीगाठी पोटच्या लेकीने, अ‍ॅनाने, जुळवून दिल्या होत्या, हे एलेनॉरला नंतर कळलं. ऐकताना माझा जीव तुटला.

म्हणूनच वॅल-किलला, एलेनॉरच्या स्वतःच्या घरी, जायचं. तीनेक किलोमीटरवर, ओढ्याकाठी. नॅन्सी कुक आणि मॅरियन डिकरमन या मैत्रिणींबरोबर एलेनॉरने इथे दगडी कॉटेज बांधलं, तेही फ्रँकलिनच्याच पुढाकाराने. या नवराबायकोचं हे गणित मला अजून पुरतं उलगडलेलं नाही. त्यांचा इथला फर्निचरचा कारखाना 1936 मध्ये बंद झाला, मग त्या इमारतीचं एलेनॉरने स्वतःचं घर केलं. लाकडी भिंतींवर नुसते फोटोच फोटो, एकीशी एक न जुळणाऱ्या खुर्च्या, कुणीही यावं आणि बसावं अशी बैठक. नवरा गेल्यावर ती इथेच राहिली.

स्प्रिंगवुड सकाळी करा, जेवून वॅल-किल. एकाच घरापुरता वेळ असेल, तर मी वॅल-किल निवडेन.